कोपरा फाडलेले कार्ड

सुमती,

शोकसभेत तुला तीन वक्त्यांनी सोशीक म्हटले आणि मी एकदाही उठून हरकत घेतली नाही. तुला हे खरे वाटणार नाही. लोकांच्या लग्नपत्रिकांतल्या चुका त्यांच्या दारात जाऊन दाखवणारा माणूस स्वतःच्या बायकोविषयीचे धडधडीत असत्य मांडी घालून ऐकत बसला. तू सोशीक नव्हतीस. अडतीस वर्षांत माझे एकही म्हणणे तू तपासून पाहिल्यावाचून मान्य केले नाहीस. आणि जे मान्य केलेस तेही 'बरं, असू द्या' अशा सुरात, की माघार नेमकी कोणी घेतली हे मला दुसऱ्या दिवशी कळायचे. इथल्या मराठी मंडळाने आपल्या अंकासाठी तुझ्यावर चार शब्द मागितले आहेत. तुझे माहेर, तुझे शिक्षण, भजनी मंडळातले तुझे कार्य असे काही त्यांना हवे असावे. ते सारे माझा धाकटा भाऊ वसंत सभेत सांगून मोकळा झाला आहे. मला दुसरेच लिहायचे आहे, आणि ते तुलाच उद्देशून लिहिणे भाग आहे. कारण माझा मसुदा पुरता ऐकून घेणारे या घरात दुसरे कोणी उरलेले नाही.

लोक म्हणतात, आई गेली तरी मुलगी आली नाही. बायका कपाआडून म्हणतात, पुरुष मोठ्याने म्हणतात. 'काय काळीज असेल एकेकाचं!' हे विधान मला अमान्य आहे. शलाका आली नाही, कारण तू गेलीस हे तिला कळवले गेले तरी पटले नाही. ते पटू नये अशी तजवीज आपण दोघांनी मिळून करून ठेवली होती. आधी मी, मागाहून तू. कोणाचे कुठे चुकले ते क्रमाने मांडतो. तू मध्येच बोलणार नाहीस, याची सवय मला अजून झालेली नाही.

शलाकाने दीपकशी लग्न केले तेव्हा ती सव्वीस वर्षांची होती. दीपक भैरवगढच्या कापडछपाईवाल्यांचा मुलगा, शिकलेला, बोलायला मृदू. 'आपल्यातला नव्हे' एवढे एकच वाक्य मी त्या दिवसांत पुनःपुन्हा बोललो, आणि त्या वाक्यासाठी मला कधी मसुदा करावा लागला नाही. दोघांनी इंदूरला लग्न नोंदवले आणि तिथूनच उच्च न्यायालयात संरक्षण मागितले. मग एके सकाळी माधव नगरच्या आपल्या दारात पोलीस शिपाई उभा राहिला, त्याने याचिकेची प्रत माझ्या हातात ठेवली आणि अतिशय अदबीने म्हणाला, "बाबूजी, चार नंबर पे आप हो."

अनावेदक, म्हणजे प्रतिवादी, क्रमांक चार. पाचवा वसंत. सहावे दीपकचे वडील, कारण त्या घरालाही हे लग्न नको होते. तुझे नाव कुठेच नव्हते. मी दोनदा शोधले.

मी लाल पेन घेऊन बसलो. पूर्वजांनी दरबारात कागद लिहिले, मी कचेरीत पस्तीस वर्षे मसुदे लिहिले. माझ्याविरुद्धचा कागद तरी निर्दोष असावा, ही अपेक्षा गैर नव्हती. मी त्यातली वाक्ये सुधारली आणि 'जीवितास धोका' या शब्दांखाली दोन रेघा ओढल्या.

"वाच," मी म्हणालो. "तुझ्या मुलीने कोर्टाला लिहून दिलंय, की मी तिला ठार मारीन."

तू मटार सोलत होतीस. "तुम्ही नाही मारणार."

"मग?"

"मारू म्हणणारे रोज आपल्या बैठकीत येऊन बसतात. त्यांना दोन-दोनदा चहा कोण पाजतं?"

"चहा तू करतेस."

"करा म्हणून सांगतं कोण?"

तो वाद पुरा झाला नाही. वसंत त्याच्या दोन मित्रांना घेऊन यायचा. 'एक बार हाथ तो आए' असे ते म्हणायचे आणि मी पंखा वाढवायला उठायचो. मी त्यांना होकार दिला नाही, हे आजही शपथेवर सांगेन. 'नकार दिलात का?' असे तू विचारायचीस, आणि मी वर्तमानपत्र उचलायचो.

न्यायालयाने पोलिसांना दोघांच्या सुरक्षिततेची काळजी घेण्यास सांगितले. पोलिसांनी आम्हा अनावेदकांना बोलावून, आम्ही त्यांच्या वाटेला जाणार नाही, असे लिहून घेतले. शलाकाने फोनचा नंबर बदलला. तिचा पत्ता इंदूरच्या तिच्या वकील मॅडमखेरीज कोणालाही ठाऊक राहिला नाही. काही सांगायचे तर मॅडमच्या मार्फत, एवढी एकच वाट उरली.

आता त्या कार्डाविषयी. वसंत सांगतो की मी शलाकाला 'आई गेली' असे लिहिले. शेजारच्या मिश्रा भाभी सांगतात की ते वसंताने लिहिले आणि माझी सही उठवली. दोघांचेही चूक आहे. कार्ड मीच लिहिले, आणि त्यात मजकूर एवढाच होता : 'शलाका, आता तरी घरी ये. बाबा.' त्यात एकही शब्द खोटा नव्हता. मी फक्त कार्डाचा कोपरा फाडला.

तरुण वाचकांना हे सांगावे लागेल. आपल्याकडे मृत्यूचे वर्तमान कळवणाऱ्या पोस्टकार्डाचा कोपरा फाडतात. हातात घेताच घेणाऱ्याला कळावे, आणि वाचून त्याने ते बाहेरच टाकून द्यावे, घरात नेऊ नये, असा रिवाज. घरोघरी फोन आले, तरी आमच्या घरातून असे कार्ड जात राहिले, कारण वडिलांचा तसा दंडक होता. लहानपणी टपाल घ्यायला शलाकाच धावायची. असे कार्ड आले की उंबऱ्याबाहेर थांबून ओरडायची, "बाबा, याला कोपरा नाही!" त्या कार्डाचा अर्थ तिला सांगावा लागणार नव्हता. म्हणूनच मी ते तसे पाठवले.

फाडलेला तुकडा मी टेबलाखाली पडू दिला. दुसऱ्या दिवशी सकाळी तो तुझ्या केराच्या सुपलीत आला.

"कोण गेलं?" तू विचारलेस.

"कोणी नाही."

"मग हा कोणाचा?"

मी चष्मा पुसू लागलो. तू सुपली खाली ठेवलीस, तुकडा उचलून तळहातावर घेतलास आणि म्हणालीस, "माझा?"

"अगं, मी असं कुठं लिहिलंय? एक शब्द दाखव—"

"लिहायला कशाला हवं? फाडलंत ना."

एकटी कधी शेजारच्या देवासपर्यंतही न गेलेली तू, याचिकेवरून वकिलांचा पत्ता उतरवून घेऊन तासाभरात इंदूरच्या बसमध्ये बसलीस. कार्ड पोचायच्या आधी पोचलीस. संध्याकाळी परत आलीस, पदर खोचलास, कुकर लावलास. मी विचारले, काय सांगितलेस? "जिवंत आहे, हे दाखवून आले," एवढेच तू म्हणालीस. त्याच्या दुसऱ्या दिवशी वसंत त्याच्या मित्रांसह बस स्टँडवर सकाळपासून शलाकाची वाट पाहत उभा होता. ते मला मागाहून कळले, असे मी सर्वांना सांगत आलो. तुला सांगायला आता काय हरकत आहे? 'दादा, तू नुसती चिठ्ठी लिही, बाकी मी बघून घेतो,' असे तो म्हणाला होता. बाकी म्हणजे काय, हे मी विचारले नाही. प्रत्येक शब्दाचा खुलासा मागणाऱ्या माणसाने तेवढ्या एका शब्दाचा खुलासा मागितला नाही.

माझा प्रत्येक कागद मी आधी तुला वाचून दाखवायचो. कचेरीतली निवेदने, महापालिकेशी केलेली भांडणे, संपादकांना लिहिलेली पत्रे, सारी तुझ्या हाताखालून जायची. तू पोळ्या लाटता लाटता म्हणायचीस, "ते 'अत्यंत' काढा. 'निर्लज्ज'ही काढा. आता बरं झालं." लोक माझ्या लेखणीला संयत म्हणायचे. तो संयम तुझा होता आणि मानपत्र मी घेतले. ते कार्ड हा माझा एकच कागद, जो मी तुला न दाखवता टपालात टाकला. दाखवला असता तर तू काय काढायला सांगितले असतेस, याचा विचार मी आता करतो. त्यात काढण्याजोगा शब्दच नव्हता.

त्यानंतर आपण बोलत होतो, पण त्याविषयी नाही. मी एकदा सुरुवात केली, "तांत्रिकदृष्ट्या पाहिलं तर त्या कार्डात..." तू उठून देवापुढे जाऊन बसलीस. मला तुझी क्षमा मागायची नव्हती. माझी बाजू मांडायची होती. क्षमा मागितली असती तर पाच मिनिटे लागली असती. बाजू मांडण्यासाठी मी वर्षभर योग्य वेळेची वाट पाहिली.

दवाखान्यातल्या तिसऱ्या सकाळी तू म्हणालीस, "घरी जाऊन अंघोळ करून या. दवाखान्याचा वास येतोय तुम्हाला." मी गेलो. इतक्या निमूटपणे मी तुझे कधीच ऐकले नव्हते. परत आलो तेव्हा तुझ्या खाटेभोवती पडदा ओढलेला होता.

वसंत म्हणाला, मी त्या दिवशी खंबीर राहिलो. मी खंबीर नव्हतो, मला काम होते. मी पहिला फोन इंदूरला केला.

"मॅडम, शलाका की माँ नहीं रहीं."

 पलीकडून अतिशय सभ्य आवाजात, "अंकल, ये तो आप पिछले साल भी बता चुके हैं."

"इस बार सच है," मी म्हणालो. साऱ्या आयुष्यात याहून केविलवाणे वाक्य माझ्या तोंडून निघाले नसेल.

तेव्हा त्यांनी मला सांगितले, की त्या दिवशी तू नुसते तोंड दाखवून परतली नव्हतीस. तू लिहून देऊन आली होतीस. 'माझ्याविषयी घरून कोणतीही बातमी आली, पत्राने, फोनने वा कागदाने, तरी मी स्वतः माझ्या तोंडाने सांगेपर्यंत मुलीला पाठवू नये.' खाली तुझी सही. मॅडमनी वाचून दाखवले. हिंदी सुरेख होते, विशेषण एकही नव्हते.

सुमती, तो मसुदा मला दाखवला असतास, तर त्यातला दोष मी तिथेच दाखवला असता. तू खरोखरच गेलीस तर काय, याची तरतूद त्यात नव्हती. माझे खोटे अडवण्यासाठी तू दार असे लावून घेतलेस, की तुझ्या मरणालाही त्यातून बाहेर पडता येईना. पण माझ्याविरुद्धचा कागद तू मला कसा दाखवणार होतीस? तुझ्या जागी मी असतो तर हेच लिहिले असते. हे मी तुला वाद जिंकू देण्यासाठी म्हणत नाही.

दवाखान्याचा कागद पाठवला. पुढे महापालिकेचा दाखला पाठवला. मिश्रा भाभींकडून फोन करवला. "मॅडम, आप ख़ुद आकर देख लीजिए," असे म्हणालो. त्या म्हणाल्या, "अंकल, मैं अनावेदकों के घर नहीं जाती. काग़ज़ मैंने भेज दिए हैं. शलाका कहती है, बाबा की तो उमर ही काग़ज़ बनाने में गई है." या एका वाक्यावर मला काहीही हरकत घेता आली नाही.

दहाव्या दिवशी सिद्धवटावर तुझे विधी आटोपले आणि मी तिथून रिक्षाने भैरवगढात गेलो. दीपकच्या वडिलांना मी पूर्वी कधी भेटलो नव्हतो. लांब टेबलावर कापड पसरून ते ठसे उमटवीत होते. हात मनगटापर्यंत लाल. मी नाव सांगितले. त्यांनी ठसा बाजूला ठेवला आणि हात जोडले, पण रंग लागू नये म्हणून तळवे जुळू दिले नाहीत.

"बच्चों का पता हो तो बता दीजिए," मी म्हणालो. "उसकी माँ का समाचार देना है."

"हमको कौन बताता है, बाबूजी," ते म्हणाले. "आप चार नंबर, हम छह नंबर." हसू आले असते, तर आम्ही दोघेही हसलो असतो. मग ते म्हणाले, "बहनजी आती थीं. दीपक की माँ के पास बैठती थीं घंटा-घंटा. जाते टाइम चादर ले जाती थीं."

घरी येऊन मी अंथरूण पाहिले. तीन चादरी, तिन्ही भैरवगढच्या. 'बाजारात सेल होता' असे तू सांगितले होतेस. व्याह्यांनी छापलेल्या चादरींवर मी वर्षभर निजलो, आणि उठून त्यांच्याचविरुद्ध बोललो. तुला त्या वेळी किती हसू येत असेल! तू ते एकटीने कसे दाबलेस? माझ्याआडून तू त्या घराशी नाते जोडलेस, आणि मला त्यात निजवलेसही. याबद्दल मी तुझा ऋणी आहे. हे तोंडी सांगण्याची माझी तयारी होईपर्यंत तू थांबायला हवे होतेस, अशी माझी तक्रारही आहे.

काल तुझे तेरावे झाले. दुपारी पंगत मांडली जात होती. माझा फोन वाजला. नंबर मॅडमचा होता. "लीजिए, बात कीजिए," त्या म्हणाल्या, आणि सव्वा वर्षाने तो आवाज ऐकू आला.

"बाबा."

"बोल."

"आईला फोन द्या."

 खिशात दाखल्याची प्रत होती. तिचा काय उपयोग?

"नुसतं 'हं' म्हणू दे तिला, बाबा. दुसरं काही नको. तिचा 'हं' मला कळतो. मग तुम्ही म्हणाल तेव्हा येते."

माझ्या चेहऱ्यावरून वसंत समजला. वाढता वाढता तो पळी हातात घेऊनच आला. त्याच्या डोळ्यांत पाणी होते, आणि ते खरे असेल. तुझ्या हातचे त्यानेही तीस वर्षे खाल्ले आहे. "शलाका ना?" तो कुजबुजला. "बोलाव, दादा, बोलाव तिला. आज तर येईलच ती. बोल, आईसाठी ये म्हणावं." त्याच्या मागे दाराशी ते दोघे मित्र उभे होते. त्यांतल्या एकाने गाडीची किल्ली खिशातून काढून हातात घेतली.

सुमती, मी तेरा दिवस त्या एकाच वाक्यासाठी धडपडलो होतो. ये म्हणायचे, एवढेच. ती पलीकडे ते ऐकायला उभी होती.

"येऊ नकोस," मी म्हणालो.

"काय?"

"इथे येऊ नकोस, शलाका. मी सांगतो म्हणून, येऊ नकोस."

 ज्याला बोलावून फसवायचे असते तो माणूस असे म्हणत नाही, हे तिच्या ध्यानात आले असावे. मग तिने अगदी बारीक आवाजात विचारले,

"कधी?"

"तेरा दिवस झाले. गुरुवारी सकाळी."

"तुम्ही होतात जवळ?"

पूर्वीचा मी असतो, तर या ठिकाणी एखादे सुबक उत्तर बांधले असते. "नव्हतो," मी म्हणालो. "तिने मला घरी पाठवलं होतं."

मग ती रडू लागली. वसंत माझ्याकडे पाहात राहिला, आणि पळी आपटून आत गेला. आज सकाळपासून तो येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगतो आहे, की दादाने आईच्या तेराव्यालाही पोरीला घरात येऊ दिले नाही. सांगू दे. हे मी खोडून काढणार नाही. माझ्याविषयी या घरात सांगितली गेलेली ही पहिलीच हकीकत, जी माझ्या नावावर तशीच राहिली तरी चालेल.

तिने फोन ठेवला नाही, मीही ठेवला नाही. आत भात वाढून झाला होता आणि यजमानांनी पानावर बसावे म्हणून गुरुजी हाका मारत होते. मी ओसरीत उभा होतो. ती कोणत्या गावात आहे, तिथे तिच्याजवळ बसायला कोणी आहे की नाही, हे मला ठाऊक नव्हते, आणि विचारण्याचा अधिकार मी लिहून देऊन गमावला होता. ती रडत होती आणि मी ऐकत होतो. तिला गप्प कसे करायचे ते तुला ठाऊक होते, सुमती. मला तू ते कधी शिकवले नाहीस, आणि मीही कधी विचारले नाही.